हौसेचे मोल

मराठीत पैशाला जितकी नावे आहेत तितकी देवालाही नसतील. मजुराला मिळते ती मजुरी, कारकुनाला मिळतो तो पगार, वकिलाला मिळते ती फी, भटजींना मिळते ती दक्षिणा आणि लेखकाला मिळते, म्हणजे मिळालेच तर, ते मानधन. नोट तीच, तिच्यावरचे चित्र तेच. पण ज्याच्या हातात ती पडते त्याप्रमाणे तिचे नाव बदलते, आणि नावाबरोबर घेणाऱ्याची मानही थोडी ताठ होते किंवा थोडी लवते.

वर्षभर या सदरात मी शब्दांची उठाठेव करीत असतो, हे नेहमीच्या वाचकांना ठाऊक आहेच. दिवाळी अंकात तरी काही खुसखुशीत द्यावे, अशी संपादकांची सूचना होती. परंतु गेले काही दिवस माझ्या डोक्यात दोन शब्द घोळत आहेत आणि त्यांच्या आडून एक स्वीडिश फुटबॉलपटू सारखा डोकावतो आहे. मराठीच्या प्राध्यापकाचा आणि फुटबॉलचा संबंध काय, असे आपण विचाराल. आमच्या घरातही हाच प्रश्न विचारण्यात आला, आणि तो जरा कमी आदराने विचारण्यात आला.

ते दोन शब्द म्हणजे 'हौशी' आणि 'धंदेवाईक'. हौशी नट म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे कचेरी सुटल्यावर तालमीला धावणारा, पदरमोड करून दाढीमिशा विकत आणणारा एक निष्पाप जीव उभा राहतो. धंदेवाईक नट म्हटले की मात्र आपले नाक किंचित वर जाते. खरे पाहता कलेवर ज्याचे पोट आहे तो ती अधिक मन लावून करील, हे साधे गणित आहे. पण आपण मध्यमवर्गीय माणसे या गणितात नेहमीच कच्ची. 'हौसेला मोल नसते' ही म्हण आपण जपून ठेवली आहे. तिचा मूळ अर्थ हौसेपुढे खर्चाचा विचार नाही असा. आपण त्याचा सोयीस्कर अर्थ काढला आहे, तो असा की ज्याला हौस आहे त्याला पैसे देण्याचे कारण नाही. व्याख्यानाला गावोगाव जाणाऱ्या कोणाही प्राध्यापकाला विचारा. त्याच्या घरी शालींची चळत असते, नारळ तर बाजारातून आणावाच लागत नाही, आणि एसटीचे भाडे तेवढे खिशातून जाते.

हा केवळ आपलाच गुण आहे असे समजून कोणी खट्टू होऊ नये. इंग्रजीतला 'अमॅच्युअर' हा शब्दही मुळात लॅटिनमधून फ्रेंचमार्गे आलेला असून त्याचा अर्थ 'प्रेम करणारा' असा आहे. जो प्रेमाने खेळतो तो अमॅच्युअर. म्हणून जो पैसे घेतो त्याला प्रेम नसते, असा उलटा सिद्धांत युरोपातल्या शहाण्या माणसांनी काढला आणि त्याचे नियम केले. त्या नियमांच्या कात्रीत जो सापडला तो हा माझा स्वीडिश पाहुणा, निल्स लीडहोल्म.

लीडहोल्म मधल्या फळीत खेळत असे. फुटबॉलशी ज्यांचा परिचय वर्तमानपत्राचे शेवटचे पान उलटण्यापुरता आहे, त्यांच्यासाठी सांगतो. आघाडीचे खेळाडू गोल करतात. त्यांची छायाचित्रे छापून येतात. बचावाचे खेळाडू गोल अडवतात. एखादा सुटला तर त्यांना शिव्या बसतात. या दोहोंच्या मध्ये जो असतो त्याचे काम लग्नघरातल्या एखाद्या काकांसारखे असते. वधूवर सर्वांना दिसतात. पण पंगतीला पाने किती मांडायची, बुंदी कमी पडते आहे काय, वरपक्षाकडचा कोणता मामा रुसून मांडवाबाहेर बसला आहे, हे सारे काकांच्या डोक्यात असते. काका धावताना दिसत नाहीत, ओरडतही नाहीत. पण ते अर्धा तास झोपले तर कार्य बिघडते. लीडहोल्म हा असा काका होता.

त्याचा जन्म ८ ऑक्टोबर १९२२ चा, बाल्टिक समुद्राच्या काठच्या वाल्देमार्सविक या लहानशा गावातला. पुढे तो नॉरशोपिंग या कापड गिरण्यांच्या शहरात आला. आय. एफ. के. नॉरशोपिंग या तिथल्या संघाने १९४७ आणि १९४८ मध्ये स्वीडनचे अजिंक्यपद मिळवले, तेव्हा तो त्या संघात होता. या संघात पैसे मिळवायला कोणी येत नव्हते, कारण स्वीडनमध्ये फुटबॉल खेळून पोट भरण्याची सोयच नव्हती. त्याचा दणकट जोडीदार गुन्नार नॉर्डाल हा अग्निशामक दलात नोकरीला होता. दिवसा बंब आणि सुटीच्या दिवशी चेंडू, असा त्याचा संसार.

१९४८ च्या लंडन ऑलिंपिकला हा हौशी संघ गेला. आपल्या वाचकांना या स्पर्धेची आठवण दुसऱ्या कारणाने असेल. स्वतंत्र भारताचा फुटबॉल संघ तिथेच पहिल्यांदा उतरला होता. आपले बहुतेक खेळाडू अनवाणी खेळले, फ्रान्सविरुद्ध दोन पेनल्टी वाया घालवल्या आणि २-१ असे हरून, पण प्रेक्षकांचे कौतुक घेऊन परत आले. स्वीडन मात्र पुढे जात राहिले. डेन्मार्कविरुद्धच्या उपांत्य सामन्यात तर एक मोठी गंमत झाली. चेंडू दुसऱ्याच्या पायाशी आहे आणि आपण ऑफसाइड ठरणार, हे नॉर्डालच्या ध्यानात आले. आगीतून वाट काढायची सवय असलेला हा गडी सरळ गोलाच्या जाळ्यात जाऊन उभा राहिला, म्हणजे मैदानाच्या बाहेरच गेला, आणि त्याच्या सहकाऱ्याने चेंडू त्याच जाळ्यात मारला. अंतिम सामन्यात वेंब्लीच्या मैदानावर युगोस्लाव्हियाला ३-१ असे हरवून स्वीडनने सुवर्णपदक मिळवले.

सुवर्णपदकाचा एक दोष असा की ते दुरून चमकते. इटलीतल्या धनाढ्य संघांना ते दिसले. १९४९ च्या जानेवारीत मिलान संघाने नॉर्डालला बोलावून घेतले; त्याच वर्षी त्याच्यामागून गुन्नार ग्रेन आणि लीडहोल्म हे दोघे गेले. हे तिघे इटलीत गाजले ते 'ग्रे-नो-ली' या नावाने. 'गदिमा' आणि 'पुलं' यांच्यावर वाढलेल्या आपल्या वाचकांना या आद्याक्षरांच्या प्रेमाचे नवल वाटू नये. त्यांतल्या ग्रेनला इटालियन लोक 'प्रोफेसर' म्हणत. खेळाडूला बहुमान म्हणून प्राध्यापक म्हणणारा देश या जगात आहे, हे कळल्यापासून इटलीविषयीचा माझा आदर दुणावला आहे.

पण इकडे स्वीडनमध्ये दार लागले. जो पैसे घेऊन खेळतो तो राष्ट्रीय संघात नाही, असा नियम होता आणि नियम पाळण्याच्या बाबतीत स्वीडिश माणूस आपल्यासारखा उदार नाही. एक वर्षापूर्वी ज्यांनी देशाला सोने आणून दिले, त्यांना देशाचा पिवळा सदरा घालायची बंदी झाली. लीडहोल्म तेव्हा सव्वीस वर्षांचा होता. खेळाडूच्या आयुष्यातली सव्वीस ते पस्तीस ही वर्षे म्हणजे शेतकऱ्याचा पावसाळा. तो सारा पावसाळा त्याने परक्याच्या शेतात घालवला.

परक्याच्या शेतात त्याने काय पिकवले तेही सांगितले पाहिजे. मिलानने १९०७ नंतर इटलीचे अजिंक्यपद पाहिले नव्हते. १९५१ मध्ये, चव्वेचाळीस वर्षांनी, ते त्यांना मिळाले. पुढे १९५५, १९५७ आणि १९५९ अशी आणखी तीन अजिंक्यपदे आली, आणि चारही वेळा लीडहोल्म संघात होता. नॉर्डाल गोलांच्या राशी ओतत असे. त्याला अचूक चेंडू पोचवणाऱ्यांत लीडहोल्म होता. सान सीरोच्या मैदानावरची एक कथा आजही सांगतात. दोन वर्षे त्याचा एकही पास चुकला नव्हता. शेवटी एकदा एक चुकला तेव्हा प्रेक्षक आधी अवाक् झाले आणि मग त्यांनी उठून कितीतरी वेळ टाळ्या वाजवल्या. ही दंतकथा असेल. पण माणसाविषयी कोणत्या दंतकथा तयार होतात यावरून माणूस कळतो. ज्याची चूक हाच समारंभ ठरावा, असा तो कामकरी होता.

आता तत्त्वाचा प्रश्न बघा. १९५० मध्ये ब्राझीलमध्ये विश्वचषक झाला. स्वीडनने या तिघांना वगळून हौशी संघ पाठवला. त्या संघाने पहिल्याच सामन्यात कोणाला हरवावे? इटलीला, ३-२ असे! ज्यांनी आपली माणसे नेली त्यांनाच धूळ चारली आणि स्पर्धेत तिसरा क्रमांक मिळवला. हौसेच्या कैवाऱ्यांना केवढे समाधान झाले असेल! पण परिणाम काय झाला? इटालियन संघांनी त्याही पोरांची पारख केली आणि स्कोग्लुंडसारखे नवे मोहरे उचलून नेले. पोरे गेली की त्यांना राष्ट्रीय संघातून वगळायचे, असा क्रम चालूच राहिला. १९५४ च्या विश्वचषकात स्वीडनला प्रवेशसुद्धा मिळाला नाही. तत्त्व शाबूत राहिले, संघ संपला.

मग १९५८ चा विश्वचषक स्वीडनच्याच अंगणात आला. घरचे कार्य निघाले की रुसलेल्या भाऊबंदांनाही अक्षता जातात. धंदेवाईकांवरची बंदी उठली. इटलीतून लीडहोल्म, स्कोग्लुंड, हामरिन, गुस्ताव्हसन आले. प्रोफेसर ग्रेन एव्हाना मायदेशी परतून खेळत होता. सदतिसाव्या वर्षी त्यालाही निवडले. नॉर्डालचे वय मात्र तोवर निघून गेले होते. ज्याने गोलाच्या जाळ्यात उभे राहून देशाला तारले, त्या बंबवाल्याला विश्वचषकात खेळायला कधीच मिळाले नाही. नियम मागे घेता येतो; वर्षे मागे घेता येत नाहीत.

संघनायक कोण? लीडहोल्म. नऊ वर्षे ज्याला पिवळा सदरा नाकारला, त्याच्याच दंडावर नायकपद आले. आणि तो कोणत्या मनःस्थितीत आला तेही पाहा. २८ मे १९५८ ला ब्रुसेल्समध्ये युरोपियन चषकाचा अंतिम सामना होता. मिलानचा नायक म्हणून तो रेआल माद्रिदशी लढला. मिलान दोनदा पुढे गेले, दोनदा बरोबरी झाली, आणि जादा वेळेत ३-२ असा पराभव झाला. त्यानंतर अकराव्या दिवशी तो मेक्सिकोविरुद्ध स्वीडनकडून मैदानावर होता आणि त्याने पेनल्टीवर गोलही केला. आम्ही प्राध्यापक परीक्षेचे पेपर तपासून झाले की पंधरा दिवस कोणाशी बोलत नाही!

स्वीडनने हंगेरीला हरवले, रशियाला हरवले, उपांत्य सामन्यात जगज्जेत्या पश्चिम जर्मनीला ३-१ असे हरवले. २९ जूनला स्टॉकहोमजवळच्या रोसुंदा मैदानावर ब्राझीलशी गाठ पडली. चौथ्याच मिनिटाला चेंडू लीडहोल्मच्या पायाशी आला. त्याने घाई केली नाही. एकाला चुकवले, दुसऱ्याला चुकवले आणि जमिनीलगत फटका मारून चेंडू कोपऱ्यात घातला. त्या स्पर्धेत ब्राझील प्रथमच पिछाडीवर पडले. त्या दिवशी लीडहोल्मचे वय होते पस्तीस वर्षे आठ महिने. विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात गोल करणारा सर्वांत वयस्क खेळाडू हा त्याचा विक्रम २०२२ च्या सामन्यानंतरही अबाधित होता. त्या सामन्यात मेस्सीने गोल केले तेही पस्तिशीतच, पण तो लीडहोल्मपेक्षा जवळजवळ तीन महिन्यांनी लहान पडला.

पुढची हकीकत जगाला ठाऊक आहे. ब्राझीलच्या मधल्या फळीतला दीदी (हे पुरुषाचे नाव आहे) जाळ्यातला चेंडू उचलून शांतपणे चालत मैदानाच्या मध्यावर आला, जणू काही घडलेच नाही. सतरा वर्षांच्या पेलेने दोन गोल केले, वावाने दोन, झगालोने एक. ५-२. महिन्याभरात दोन अंतिम सामने, दोन्हींत नायक तोच आणि दोन्हींत हार. जिंकलेल्या ब्राझिलियन पोरांनी स्वीडनचा ध्वज घेऊन मैदानाला फेरी मारली, आणि यजमान प्रेक्षकांनी त्यांना मनापासून दाद दिली.

ही कथा वाचताना मला आपला विनू मंकड आठवल्याखेरीज राहिला नाही. १९५२ च्या इंग्लंड दौऱ्यात आपली निवड होणार की नाही, याची हमी त्याने मागितली. ती मिळाली नाही म्हणून त्याने लँकेशायर लीगमध्ये हॅसलिंगडनशी करार केला. व्यावसायिक माणूस, त्याला हंगामाचा हिशोब बघावा लागतो. मग लीड्सला आपले चार गडी शून्यावर बाद झाले आणि सर्वांना मंकडची आठवण झाली. त्याला लीगमधून सोडवून लॉर्ड्सवर उतरवले. त्याने ७२ आणि १८४ धावा केल्या आणि ५ बळीही घेतले. सामना आपण हरलो, पण तो सामना आजही मंकडच्याच नावाने ओळखला जातो. पैशासाठी खेळणाऱ्या माणसाने देशासाठी जीव ओतू नये, असा नियम मंकडला बहुधा कोणी समजावून सांगितला नसावा. लीडहोल्मलाही नाही.

१९६१ साली, अडतिसाव्या वर्षी, लीडहोल्मने खेळणे थांबवले आणि तो शिकवू लागला. येथे माझी त्याच्याशी जात जुळते. इटलीत त्या वेळी बचावाची पद्धत अशी होती की प्रत्येकाने प्रतिपक्षाच्या एकेका गड्याच्या मागे सावलीसारखे फिरायचे. लीडहोल्मने शिकवले ते निराळे: माणसामागे धावू नका, आपापली जागा राखा आणि चेंडू आपल्याकडे ठेवा, तो आपल्याकडे असेल तोवर दुसरा गोल कसा करील? या शिकवणीवर मिलानने १९७९ मध्ये आपले दहावे अजिंक्यपद मिळवले. रोमाने १९८३ मध्ये, १९४२ नंतर प्रथमच, इटली जिंकली. पुढच्या वर्षी रोमा युरोपियन चषकाच्या अंतिम सामन्यात पोचले. सामना घरच्याच मैदानावर होता आणि लिव्हरपूलने तो पेनल्टींवर जिंकला. हा त्याच्या नशिबातला आणखी एक हुकलेला चषक. १९८५ मध्ये सोळा वर्षांच्या एका मुलाला त्याने मिलानच्या संघात प्रथम उतरवले. तो मुलगा पाओलो माल्दिनी. शिक्षकाला चषक मिळाला नाही तरी चालते, विद्यार्थी मिळावा लागतो.

उतारवयात तो पिएमोंते प्रांतात आपल्या द्राक्षमळ्यावर राहिला. तिथेच ५ नोव्हेंबर २००७ रोजी, पंचाऐंशीव्या वर्षी, त्याचे निधन झाले. इटालियन लोक त्याला 'बॅरन', म्हणजे सरदार, म्हणत. ज्या माणसाला पैसे घेतो म्हणून घरच्यांनी नऊ वर्षे पंगतीबाहेर बसवले, त्याला परक्यांनी सरदारकी दिली.

हे सारे मी आमच्या घरात जेवताना सांगितले तेव्हा चिरंजीवांनी विचारले, "बाबा, पण त्याने पैसे घेतले यात बिघडले काय?" आजच्या पोरांना हा नियमच समजत नाही, आणि हे त्यांचे भाग्य आहे. स्वीडननेही १९६७ मध्ये तो नियम रद्द केला. पण तेवढ्यावर सुटका झाली असे मला वाटत नाही. नियम कागदावरून गेला तरी मनातून जायला वेळ लागतो. माझ्या वर्गात दरवर्षी एखादा मुलगा किंवा मुलगी असते, जिचा गळा असतो, ज्याचे पाय असतात, जिच्या अभिनयाने सभागृह शांत होते. त्यांचे आईवडील भेटायला येतात आणि सगळे जण शब्दाशब्दाला तेच वाक्य बोलतात: "सर, हौस म्हणून करू दे हो, पण त्याच्यावर पोट नको."

यातली काळजी खोटी नाही. पोट मोठे कठीण असते, आणि शंभरांतल्या नव्वदांना मिलानचे बोलावणे येत नाही. काळजीपोटी आईबाप तसे म्हणाले तर त्यांना नावे ठेवू नयेत. पण त्या वाक्यात काळजीबरोबर आणखी एक वास येतो, जुन्या नाक मुरडण्याचा. पैसे घेतले की हौस विटाळते, असे आपल्याला आतून अजून वाटते. ज्यांच्या घरी दुसऱ्या मार्गाने पैसा येत होता त्यांनीच हे तत्त्व काढले, हे आपण विसरतो. ज्याला संध्याकाळच्या चुलीची चिंता नाही त्याला हौस निर्मळ ठेवता येते. बंबवाल्या नॉर्डालला आणि वाल्देमार्सविकच्या निल्सला ती चैन परवडणारी नव्हती.

'मानधन' हा शब्द ज्याने बनवला तो शहाणा होता. त्याने मान आणि धन हे दोन्ही एकाच शब्दात बांधले. एक घेतले की दुसरे सोडावे लागते, असे त्याने म्हटले नाही. आपणच त्यातला मान ठेवून घेतो आणि धनाच्या जागी नारळ देतो. तेव्हा या दिवाळीत तुमच्या घरातली एखादी पोर तंबोरा घेऊन किंवा एखादा पोरगा चिखलाने माखलेले बूट घेऊन दारात उभा राहिला आणि म्हणाला की यावरच जगायचे आहे, तर पैशाची चिंता जरूर करा, हिशोब जरूर मांडा. फक्त त्याच्या हौसेवर संशय घेऊ नका. पस्तीस वर्षे आठ महिन्यांचा एक पगारी नोकर, नऊ वर्षांच्या बंदीनंतर, दोन गडी चुकवून चौथ्या मिनिटाला गोल करतो, तेव्हा त्याच्या खिशात किती लिरा आहेत हे कोणी विचारीत नाही.